डझनाची माफी

माझ्या आत्याच्या यजमानांबरोबर बाजारात जाऊन मान ताठ ठेवून परत आलेला माणूस नाशिकमध्ये अजून जन्माला यायचा आहे. नात्याने ते माझे आतोबा. तोंडावर मी त्यांना काका म्हणते आणि चारचौघांत जमेल तिथे काहीच म्हणत नाही. कारण आपण यांच्याबरोबरच्या आहोत हे एकदा कळलं, की समोरचा माणूस आपल्याकडे अशा नजरेने बघतो, जणू यांना आवरण्याचं काम आपल्याकडे होतं आणि आपण त्यात कमी पडलो. वास्तविक माणूस अतिशय सज्जन. आयुष्यभर एका शाळेत इंग्रजी शिकवलं, कोणाला कधी वाकडा शब्द बोलले नाहीत, चहात साखर कमी पडली तरी मागून घेत नाहीत, तसाच पिऊन टाकतात. त्यांचं दुखणं एकच. डझन.

डझन हा शब्द इंग्रजांचा नाही, आपला आहे, असं काकांचं म्हणणं होतं. नुसतं म्हणणं नव्हे, ते त्यांचं जीवितकार्य होतं. गोरे व्यापारी पहिल्यांदा सुरतेच्या बंदरात उतरले तेव्हा आपले व्यापारी कापडाचे तागे बारा-बाराच्या गठ्ठ्यांत मोजत. बारा म्हणजे संस्कृतात द्वादश. आता गोऱ्याच्या जिभेला द्वादश कुठून झेपणार? इथे काका उजवा हात डोक्याच्या वर नेत आणि शब्दाच्या एकेका पायरीबरोबर तो खाली आणत. "द्वादश. दुवादस. दुआजस. दुजन. डझन." शेवटच्या डझनला तो हात टेबलावर, काउंटरवर किंवा शेजारी उभ्या असलेल्या परक्या माणसाच्या खांद्यावर पडत असे. मग थोडं थांबून, आवाज खाली आणून, "हिंदीवाले अजून दर्जन म्हणतात, बघा. खुणा राहतातच." हे बोलताना त्यांचा चेहरा इतका उजळायचा, की खांद्यावर थाप बसलेला माणूससुद्धा नकळत मान डोलवायचा.

आणि हे कुठे चालायचं, तर सगळीकडे. गंगापूर रोडला त्यांच्या घराजवळ एक फळवाली बसते. तिच्याकडे केळी घ्यायला काका गेले की मागे दुचाक्यांची रांग लागे, कारण "एक डझन दे" एवढ्यावर त्यांना थांबताच येत नसे. माझ्या चुलतबहिणीच्या लग्नात बांगड्या भरायला कासारीणबाई आल्या होत्या. हात पुढे करून बसलेल्या बायकांना काकांनी तसंच बसवून ठेवलं आणि डझन झाल्यावर बारा डझनांचा एक ग्रोस कसा होतो तेही ऐकवलं. सगळ्यात कठीण प्रसंग आत्याच्या एका मैत्रिणीच्या यजमानांच्या बाराव्याला आला. पिंडदान नुकतंच आटोपलं होतं, सगळे खाली माना घालून बसले होते, आणि काका त्या बाईंना अगदी मनापासून सांत्वनाच्या सुरात म्हणाले, "वहिनी, बारा हा आकडा आपल्याला सोडत नाही बघा. जन्मलो की बाराव्या दिवशी बारसं, गेलो की बारावा. हाच बारा पुढे इंग्रजांनी डझन म्हणून नेला." त्या बाई डोळ्यांना पदर लावून ऐकत राहिल्या. त्यांचा मुलगा माझ्याजवळ सरकून हळूच म्हणाला, "हे तुमच्याकडचे का?" मी म्हटलं, "आत्याच्या ओळखीचे आहेत." आत्या शेजारीच बसली होती. तिने माझ्याकडे फक्त पाहिलं. माझ्या जागी ती असती तर तिनेही हेच उत्तर दिलं असतं, असं मला वाटतं.

तर असे काका माझ्या लेकीच्या साखरपुड्याला येणार, हे महिनाभर माझ्या छातीवर दडपण होतं. इंदिरानगरच्या एका छोट्या हॉलमध्ये समारंभ होता. मुलाकडची मंडळी शांत, मोजकं बोलणारी. मी आत्याला आधीच फोन करून सांगितलं होतं, की फळांची ताटं मांडली जातील तेव्हा काकांना दुसरीकडे बसव. आत्या म्हणाली, "अगं, दुसरीकडे म्हणजे कुठे? धुळ्याला?" व्हायचं तेच झालं. ताटातल्या संत्र्यांकडे बघून काकांनी थेट नवऱ्या मुलालाच विचारलं, "जावईबापू, डझन हा शब्द कुठून आला?" तो बिचारा इंजिनिअर. परीक्षेत न शिकवलेला प्रश्न यावा तसा त्याचा चेहरा झाला. "नाही माहीत, काका," तो म्हणाला. मग हात वर गेला, पायरी पायरीने खाली आला आणि जावईबापूंच्या नव्याकोऱ्या जोधपुरीच्या खांद्यावर पडला. मंडळींनी टाळ्या वाजवल्या. त्या ऐकताच मी आइस्क्रीमचं बघते म्हणून आत निघून गेले.

त्यामुळे पुढचं मी लांबून पाहिलं. मुलाची मोठी वहिनी नाशिकमध्येच फ्रेंचचे क्लास घेते. अंगाने बारीक, बोलणं त्याहून हळू. सगळ्यांची जेवणं होईपर्यंत ती थांबली, मग काका कोपऱ्यात एकटे बसलेले पाहून त्यांच्याजवळ गेली, खुर्ची ओढून बसली आणि काहीतरी सांगू लागली. काकांच्या हातात आइस्क्रीमची वाटी होती. ते ऐकत होते. मधे त्यांनी एक प्रश्न विचारला, तिने उत्तर दिलं. मग त्यांनी वाटी खाली ठेवली. ती उठून गेल्यावरही ते तसेच बसून राहिले आणि वाटीतलं आइस्क्रीम पातळ होत गेलं. मी जवळ जाऊन विचारलं, "काय म्हणाली हो?" तर म्हणाले, "काही नाही. हुशार मुलगी आहे. तुझ्या लेकीचं भाग्य." परतताना गाडीत बसेपर्यंत ते कोणाशी एक अक्षर बोलले नाहीत. मला, खरं सांगायचं तर, सुटल्यासारखं वाटलं.

दुसऱ्या दिवशी ते गावातल्या जुन्या वाचनालयात जाऊन बसले. तिसऱ्या दिवशीही गेले. चौथ्या दिवशी आत्याचा फोन आला. "तुझे काका जेवत नाहीत. कोणी गेलंय का विचारलं, तर म्हणतात, हो, द्वादश गेला." मी संध्याकाळी गेले तेव्हा ते गॅलरीत बसले होते. मला बघून त्यांनी पाय खुर्चीखाली घेतले, वर्गात काहीतरी चुकलेला विद्यार्थी घेतो तसे. मग स्वतःच सांगायला लागले. फ्रेंचमध्ये बारा म्हणजे डूझ. त्याला शेपूट लागलं की डूझेन, म्हणजे आपण बाराएक म्हणतो तसं. कधी नेमके बारा, कधी बाराच्या आसपास. इंग्रजांनी तो शब्द फ्रेंचांकडून घेतला, आणि तोही सुरत बंदराच्या कितीतरी आधी. फ्रेंचांकडे तो लॅटिनमधून आलेला. लॅटिनमध्ये दुओदेकिम, दोन आणि दहा.

"आणि द्वादश?" मी विचारलं.

"द्वादश त्या दुओदेकिमचा चुलतभाऊ. दोघांचं मूळ घराणं एक, फार जुनं. पण आपला द्वादश आपल्या घरी राहिला. तो कुठे गेला नाही आणि त्याला कोणी नेलंही नाही." मग म्हणाले, "म्हणजे नातं आहे, पण मी सांगत होतो ते नाही. मी चुलतभावाला बाप केलं."

मी समजूत घालायची म्हणून म्हटलं, "काका, एवढं काय त्यात? कोणाचं काय बिघडलं?" त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. "मी मास्तर होतो," ते म्हणाले. "मुलं लिहून घ्यायची. दरवर्षी नवी मुलं." मग त्यांनी विचारलं, "तुझी स्कूटर चालू आहे ना? मला माफी मागायला जायचंय." कोणाची, असं विचारलं तर म्हणाले, "सगळ्यांची. जेवढे सापडतील त्यांची." आत्या आतून म्हणाली, "अहो, डझन चुकला म्हणून कोणी पोलिसात गेलेलं नाही." पण त्यांनी चप्पल घालायला सुरुवात केली होती.

त्यांच्याबरोबर डझन ऐकत फिरणं लाजिरवाणं होतंच, पण डझनाची माफी मागत फिरणं किती लाजिरवाणं असतं, हे मला त्या आठवड्यात कळलं. मी डोक्यावरचं हेल्मेटच काढत नसे. आम्ही पहिल्यांदा फळवालीकडे गेलो. काका तिच्यासमोर हात जोडून म्हणाले, "बाई, मी इतकी वर्षं तुम्हाला चुकीचं सांगत आलो." ती घाबरली. तिला वाटलं, केळ्यांच्या हिशेबात काहीतरी गडबड झाली. सगळं समजावून सांगितल्यावर ती म्हणाली, "ते व्हय. काका, मला वाटायचं तुम्ही भाव पाडायसाठी बोलत राहता. म्या तर कधी ऐकलंच नाय." काका तिला धन्यवाद म्हणाले. स्कूटरवर बसल्यावर मात्र त्यांचं वजन वाढल्यासारखं वाटलं मला.

पुढे त्यांचा एक विद्यार्थी, आता दातांचा डॉक्टर. त्याच्या दवाखान्यात आम्ही थेट आतच शिरलो, कारण काकांना नंबर लावून माफी मागणं बरं वाटेना. खुर्चीत एक बाई तोंड उघडून पडलेल्या. डॉक्टर हातातलं हत्यार तसंच धरून उभा राहिला. त्याने सगळं ऐकलं आणि फार अदबीने म्हणाला, "सर, मला तुमचं पॅसिव्ह व्हॉइस आठवतं. अजून आठवतं. डझनचं काही आठवत नाही हो." बाई तोंड उघडं ठेवूनच आमच्याकडे बघत होत्या. मी नुसती मान हलवून त्यांची क्षमा मागितली आणि काकांचा हात धरून त्यांना बाहेर आणलं. जिन्यात ते थांबले. "याला आठवतच नाही," ते म्हणाले. "मी वर्गात सांगायचो तेव्हा हा पहिल्या बाकावर होता." चूक पसरली म्हणून ते आतापर्यंत खजील होते. आता ती फारशी पसरलीच नव्हती, याची लाज त्यात मिसळली आणि त्यांना कशाचं वाईट वाटून घ्यावं ते कळेना.

ज्याच्याकडे ती खरोखर पसरली होती, तो माणूस जुन्या नाशिकमध्ये भेटला. सलीमभाई हे काकांचे आणखी एक विद्यार्थी. वडिलांची बेकरी आता तेच चालवतात. सरांना पाहून ते काउंटरची फळी उचलून बाहेर आले, रुमालाने हात पुसले आणि वाकून पाया पडले. काका मागे सरकले. "आज पाया पडू नकोस," ते म्हणाले, "मी वेगळ्या कामाला आलोय." सलीमभाईंना डझन पाठ होता. नुसता पाठ नव्हता, तो त्यांनी नानकटाईच्या खोक्यावर छापला होता, द्वादश ते डझन, पायऱ्यांसकट, खाली "आमचे गुरुजी सांगतात" असं लिहून. शिवाय विलायतेतले पाववाले वजन कमी भरलं तर शिक्षा होईल या भीतीने डझनाला तेरा पाव देत, अशी गोष्ट काका वर्गात सांगत. ती ऐकल्यापासून सलीमभाई डझनाला तेरा नानकटाया देत आले होते.

काकांनी ते खोकं हातात घेतलं. त्यावरची एकेक पायरी बोट ठेवून वाचली. मी पहिल्यांदाच हेल्मेट काढलं, का ते मला सांगता येणार नाही. "सलीम, हे चूक आहे," ते शेवटी म्हणाले आणि सगळं सांगितलं, फ्रेंच, लॅटिन, चुलतभाऊ. सलीमभाई मधेच बोलले नाहीत. गिऱ्हाईकं थांबली होती, त्यांना हातानेच थांबा म्हणाले. ऐकून झाल्यावर त्यांनी विचारलं, "और वो तेरावाला, सर? ते पण गलत?"

"ते बरंचसं बरोबर आहे. लोक तसंच सांगतात."

"मग चालतंय. तेरा देत राहतो. खोकं पुढच्या छपाईला बदलू. तुम्ही सांगा काय लिहायचं." काकांनी काउंटरवरच्या कागदावर लिहायला घेतलं. फ्रेंच आलं, लॅटिन आलं, मूळ भाषा आली, कंसात दोन खुलासे आले. सलीमभाईंनी कागद लांब धरून वाचला. "सर," ते हळूच म्हणाले, "हे नानकटाईच्या खोक्यावर मावणार नाही. मोठ्या केकचं खोकं लागेल." काका हसले. साखरपुड्यानंतर पहिल्यांदाच हसले. पण मला दिसलं, की हसताना त्यांनी खोकं पालथं धरलं होतं, छापलेली बाजू खाली करून.

मला वाटलं, झालं. पण रविवारी सकाळी ते पुन्हा तयार होऊन बसले होते. "त्र्यंबकला जायचंय. दर्शनाला नाही." रस्ता सिंहस्थाच्या कामासाठी जागोजागी खणलेला, धुळीतून स्कूटर हळूहळू चाललेली, आणि मागे बसलेले काका माझ्या कानापाशी बोलत होते. त्यांच्या शाळेत संस्कृतचे एक सर होते, त्यांच्याहून वयाने बरेच मोठे, मूळचे त्र्यंबकचे. घरात पिढ्यान्‌पिढ्या यात्रेकरूंच्या पूजा सांगायचं काम. काका नोकरीला नवे लागले तेव्हा मुलं त्यांच्या तासाला दंगा करत. एके दिवशी शिक्षकांच्या खोलीत या सरांनी त्यांना जवळ बसवून डझनाची गोष्ट सांगितली. वर्गात ही सांगा, मुलं ऐकतील, म्हणाले. मुलांनी ऐकली.

"म्हणजे ती गोष्ट त्यांची?" मी विचारलं.

"पायऱ्यांसकट त्यांची. हातसुद्धा त्यांचा." ते माझ्या कानाशी आणखी झुकले. "मी कधी कोणाला सांगितलं नाही. पहिल्यांदा टाळ्या पडल्या तेव्हा सांगायचं राहिलं, मग सांगणं अवघड होत गेलं. आज त्यांना दोन गोष्टी सांगायच्या आहेत. मी तुमची गोष्ट माझी म्हणून मिरवली, ही एक. आणि ती चूक होती, ही दुसरी. कुठली आधी सांगावी ते कळत नाही."

मी खड्डे चुकवत राहिले.

देवळामागच्या गल्लीत त्यांचं घर. पुढच्या खोलीत पूजेला आलेलं एक कुटुंब ओलेत्याने बसलेलं. सरांच्या सुनेने आम्हाला आत नेलं आणि दाराशीच सांगितलं, "ओळखणार नाहीत हां. आम्हालाही कधी ओळखतात, कधी नाही. बोलतात मात्र छान." सर खिडकीपाशी पलंगावर बसले होते, पांढरेशुभ्र, अंगावर शाल. काका त्यांच्या पायाशी स्टुलावर बसले. स्वतःचं नाव सांगितलं, शाळेचं नाव सांगितलं. सरांनी सगळं लक्ष देऊन ऐकलं आणि विचारलं, "आपण काय करता?"

"इंग्रजी शिकवायचो, सर."

"इंग्रजी," सर म्हणाले आणि त्यांचे डोळे एकदम जागे झाले. "मग तुम्हाला एक गंमत सांगतो. डझन शब्द माहीत आहे ना? तो कुठला, सांगा बघू."

काका त्यांच्याकडे बघत राहिले. ज्या दोन गोष्टी सांगायला आम्ही एवढी धूळ खात आलो होतो, त्या त्यांच्या ओठांवर होत्या. मला त्या अगदी दिसत होत्या. खोलीत मी आणि सून उभ्या होतो आणि या वेळी मी त्यांच्याबरोबरची आहे हे कोणालाही कळलं असतं तरी मला चाललं असतं.

"नाही माहीत, सर," काका म्हणाले.

सरांनी शालीतून हात बाहेर काढला. तो डोक्यापर्यंत गेला नाही, छातीपर्यंतच उचलला गेला. "द्वादश," ते म्हणाले. "दुवादस." तिसऱ्या पायरीला ते अडखळले आणि हात तसाच हवेत राहिला. त्यांची नजर इकडेतिकडे फिरायला लागली. काका पुढे झुकून, वर्गात एखाद्या मुलाला सांगावं तसं, नुसत्या ओठांनी म्हणाले, "दुआजस." "दुआजस," सर म्हणाले. "दुजन. डझन." आणि हात काकांच्या खांद्यावर आला.

"वा," काका म्हणाले. "हे मला माहीतच नव्हतं."

"वर्गात सांगा," सर म्हणाले. "मुलं ऐकतील. माझं नाव नाही घेतलंत तरी चालेल."

काकांनी मान खाली घातली. खांद्यावरचा हात सरांनी काढला नव्हता, म्हणून ते तसेच वाकून बसून राहिले. तिथूनच म्हणाले, "घेईन, सर."

परतताना अंजनेरीपाशी आम्ही चहाला थांबलो. काका कपात बघत होते. "मी आज चुकीचं उत्तर बरोबर म्हणून दिलं," ते म्हणाले. "वर पुढची पायरीही सांगितली."

"हो," मी म्हटलं.

"शरम वाटते."

मी पैसे द्यायला उठले. चहावाल्याने पैसे घेताना विचारलं, "आजोबा तुमचे वडील का?" मी म्हटलं, "माझ्या आत्याचे यजमान." आणि कोण जाणे का, पुढे म्हटलं, "इंग्रजीचे सर आहेत."

सर त्याच वर्षी दिवाळीनंतर गेले. काका अजूनही डझन सांगतात. लोकांना वाटतं, तो बंद झाला असेल, पण नाही. फक्त आता सुरुवात वेगळी असते. "आमच्या शाळेत संस्कृतचे एक सर होते," असं म्हणून ते सरांचं पूर्ण नाव घेतात, मग सुरतेचं बंदर येतं, कापडाचे तागे येतात, हात वर जातो आणि अगदी सावकाश खाली येतो, कुठलीही पायरी न गाळता. त्याला खूप वेळ लागतो. लोक ऐकतात, हसतात, कोणी टाळ्याही वाजवतं. मग ते आवाज उतरवून सांगतात, की हे सगळं चूक आहे, शब्द फ्रेंचांकडून आला. एवढं एका वाक्यात आटोपतात, कोणाकडे न बघता, आणि खाली बसतात.